दुखत नाही म्हणून थांबू नका : रक्तातली साखर वेळेत ओळखूया



आपल्या समूहाचं कर्ज रजिस्टर एकदा उघडून बघा. बियाणं, शेळी, शिलाई मशीन, मुलांची फी या कारणांच्या मध्ये मध्ये 'दवाखाना' हे कारण किती वेळा आलंय ते मोजा. बहुतेक समूहांत ते पहिल्या तीन कारणांत सापडेल. आज त्यातल्याच एका कर्जाची गोष्ट सांगायची आहे. ताईंचं नाव आणि गाव मुद्दाम देत नाही.

ताईंचं वय ४४. तूर काढून झालेल्या शेतातून चालताना तुरीचा खुंट उजव्या पायाच्या अंगठ्याला लागला. फारसं दुखलं नाही, म्हणून हळद लावली आणि कामाला गेल्या. आठ दिवसांनी चप्पल ओली लागली तेव्हा खाली पाहिलं, तर जखमेत पू झालेला. तरी दुखत नव्हतं, म्हणून आणखी आठ दिवस गेले. मग थंडी-ताप आला. दवाखान्यात रक्त तपासलं तर शुगर ३४० निघाली. शेवटी अंगठा काढावा लागला. समूहाने २५ हजार रुपयांचं अंतर्गत कर्ज दिलं, शिवाय घरातली एक शेळी विकली आणि दोन महिन्यांची मजुरी बुडाली.

नंतर बोलता बोलता कळलं की दोन वर्षांपासून त्यांना रात्री तीन-चार वेळा लघवीला उठावं लागत होतं. अंग गळून जायचं, खाज सुटायची. त्यांना वाटलं, पाळी जायची वेळ आली, आता असंच चालायचं. आशाताईंनी तपासणीचा निरोप दोनदा दिला होता. पण "मला काय झालंय? कापूस वेचायचा राहिलाय," म्हणून त्या गेल्या नाहीत. आता बैठकीत विषय निघाला की त्या एवढंच म्हणतात, "मला दुखलं असतं तर मी गेले असते."

हा लेख त्यांच्या या एका वाक्यासाठी आहे. शुगर दुखत नाही. मग ती ओळखायची कशी?

शुगर वाढते म्हणजे काय होतं?

आपण भाकरी, भात, पोळी, साबुदाणा, गूळ काहीही खाल्लं, तरी पोटात गेल्यावर त्याची साखर होते आणि ती रक्तात उतरते. ही साखर म्हणजे शरीराचं इंधन. ती रक्तातून शरीराच्या कणाकणात पोहोचली पाहिजे.

शेताला पाणी देताना आपण दारं धरतो ना, तसं समजा. पाटाला पाणी आलं, पण दारं फोडायला माणूसच नसला, तर पाणी पाटातच तुंबतं आणि वाफे कोरडे राहतात. आपल्या पोटात स्वादुपिंड नावाचा एक अवयव आहे. तो इन्सुलिन तयार करतो. इन्सुलिन हा शरीरातला दारं धरणारा. तो कमी पडला किंवा त्याचं काम नीट होईना, की साखर रक्तात तुंबते आणि शरीर उपाशी राहतं. म्हणून तर शुगर असलेल्या बाईला खाऊनही थकवा येतो, भूक लागते आणि वजन मात्र उतरतं.

सुरुवातीला कळत का नाही?

रक्तातली साखर साधारण १८० च्या वर गेली की मूत्रपिंडं म्हणजे किडन्या ती लघवीवाटे बाहेर टाकू लागतात. साखर जाताना सोबत पाणी ओढून नेते. म्हणून लघवी जास्त होते, आणि पाणी गेलं म्हणून तहान लागते.

आता बघा, एखाद्या ताईची शुगर उपाशीपोटी १४०-१५० आणि जेवणानंतर १८० च्या आसपास राहत असेल, तर तिला ना जास्त लघवी होते, ना तहान लागते. तिला काहीच वाटत नाही. पण ही शुगरसुद्धा जास्तच आहे. वर्षानुवर्षं अशी राहिली तर डोळ्यांच्या, किडनीच्या, पायाच्या बारीक रक्तवाहिन्या आतून खराब होत जातात. म्हणून "मला काही त्रास नाही" याचा अर्थ "मला शुगर नाही" असा होत नाही.

आणि हा आजार फक्त शहरातल्या, जाड माणसांचा राहिलेला नाही. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेचा (आयसीएमआर) देशभरातला अभ्यास २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यानुसार भारतात सुमारे १० कोटी १० लाख लोकांना मधुमेह आहे आणि आणखी १३ कोटी ६० लाख लोक काठावर आहेत. अंगाने बारीक असलेल्या, शेतात राबणाऱ्या बाईलाही शुगर असू शकते.

शरीर खुणा देतं, आपण त्याला दुसरं नाव देतो

• रात्री दोन-तीनदा लघवीला उठणं, सारखी तहान लागणं. आपण म्हणतो, उन्हाळा आहे.
• न थकता व्हायचं ते काम करताना दम लागणं, अंग गळणं. आपण म्हणतो, वय झालं, रक्त कमी असेल.
• काही न करता वजन उतरणं. आपण म्हणतो, काळजीने वाळले.
• अंगावर पांढरं जाणं, जागेवर खाज येणं, लघवीला जळजळ पुन्हा पुन्हा होणं. हे आपण कुणाला सांगतच नाही. वाढलेली साखर बुरशीला आणि जंतूंना पोसते, म्हणून हा त्रास औषधाने जातो आणि परत येतो.
• जखम, फोड, गळू लवकर बरं न होणं.
• तळपायाला मुंग्या, आग किंवा बधिरपणा. पायातून चप्पल निसटली तरी न कळणं.
• सुईत दोरा ओवताना कधी नीट दिसणं, कधी अंधुक दिसणं.
• मानेच्या मागे, काखेत कातडी काळी, जाडसर, मखमलीसारखी होणं. हा मळ नसतो, घासून जात नाही. इन्सुलिनचं काम नीट होत नसल्याची ती खूण असू शकते.

यातली एखादी खूण असली म्हणजे शुगर आहेच असं नाही. रक्त कमी असणं, थायरॉईड अशी दुसरी कारणंही असतात. पण अंगावर काढू नका, तपासून घ्या.

तपासणी कुठे, आणि आकडे कसे वाचायचे?

सरकारच्या कार्यक्रमानुसार ३० वर्षांवरील प्रत्येक बाई-पुरुषाची शुगर आणि बीपी मोफत तपासली जाते. आशाताई घरी येऊन फॉर्म भरतात, त्यात कंबरेचं माप, घरातला आजार, तंबाखू यांची माहिती घेतात. त्यांना उडवाउडवीची उत्तरं देऊ नका. मिश्री लावत असाल तर तेही खरं सांगा. तपासणी उपकेंद्रात किंवा आयुष्मान आरोग्य मंदिरात होते. महाराष्ट्रात सार्वजनिक आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत १५ ऑगस्ट २०२३ पासून तपासण्या आणि उपचार मोफत आहेत.

वय ३० पेक्षा कमी असलं तरी या तायांनी तपासून घ्यावं : आई, वडील, भाऊ किंवा बहीण यांपैकी कुणाला शुगर आहे, कंबर ८० सेंटिमीटरपेक्षा जास्त आहे, बीपी आहे, गरोदरपणात शुगर निघाली होती, किंवा जन्मताना बाळाचं वजन ४ किलोपेक्षा जास्त होतं.

बोटाला सुई टोचून मशीनवर जी शुगर बघतात ती पहिली चाळणी. त्याआधी हात साबणाने धुऊन कोरडे करा. बोटाला गूळ किंवा फळाचा रस लागलेला असेल तर आकडा उगाच जास्त दिसतो. दिवसात केव्हाही केलेल्या या तपासणीत आकडा १४० च्या वर आला तर घाबरू नका, पण पुढची तपासणी टाळू नका. ती दंडातलं रक्त काढून करतात. उपाशीपोटी तपासायची असेल तर आधी ८ तास काही खायचं नाही, चहासुद्धा नाही. साधं पाणी चालतं.

उपाशीपोटी :
१०० च्या खाली – ठीक. १०० ते १२५ – काठावर. १२६ किंवा जास्त – मधुमेह.

७५ ग्रॅम ग्लुकोज पिऊन २ तासांनी :
१४० च्या खाली – ठीक. १४० ते १९९ – काठावर. २०० किंवा जास्त – मधुमेह.

तीन महिन्यांची शुगर (एचबीए१सी) :
५.७ च्या खाली – ठीक. ५.७ ते ६.४ – काठावर. ६.५ किंवा जास्त – मधुमेह.

काही त्रास नसताना आकडा जास्त आला तर डॉक्टर पुन्हा एकदा तपासून खात्री करतात. 'तीन महिन्यांची शुगर' म्हणजे काय असं पुष्कळ जणी विचारतात. बोटाची शुगर म्हणजे आज पेटीत किती रोकड आहे ते. एचबीए१सी म्हणजे गेल्या तीन महिन्यांचा ताळेबंद. तपासणीच्या आदल्या दिवशी गोड बंद केलं तर आजची रोकड बदलेल, ताळेबंद बदलत नाही.

आणि ज्यांचा आकडा काठावर आहे त्यांना सांगायचं, ही खरी संधी तुमच्या हातात आहे. या वेळी खाणं सुधारलं, चालणं वाढवलं, वजन जास्त असेल तर थोडं उतरवलं, तर मधुमेह टाळता येतो किंवा पुष्कळ वर्षं लांबवता येतो.

लक्ष दिलं नाही तर काय होतं?

डोळे : आतल्या पडद्यावरच्या बारीक रक्तवाहिन्या फुटतात. सुरुवातीला दिसण्यात काहीच फरक पडत नाही, आणि फरक पडतो तेव्हा उशीर झालेला असू शकतो. म्हणून शुगर असलेल्या बाईने वर्षातून एकदा डोळ्याचा पडदा तपासून घ्यावा. चष्म्याचा नंबर काढणं वेगळं आणि पडदा तपासणं वेगळं.

किडनी : शुगर आणि बीपी दोन्ही असेल तर किडनी लवकर थकते. लघवीतून प्रथिनं जातात का, हे वर्षातून एकदा बघतात. तोंडावर, पायावर सूज येईपर्यंत थांबू नका.

हृदय आणि मेंदू : हार्ट अटॅक आणि पक्षाघात म्हणजे लकवा यांचा धोका वाढतो. बायकांना, त्यातून शुगर असलेल्यांना, छातीत कळ न येताच अटॅक येऊ शकतो. दम लागणं, दरदरून घाम, मळमळ, जबड्यात किंवा पाठीत दुखणं एवढंच होतं आणि आपण पित्त समजून लिंबू-सोडा पितो. अशा वेळी १०८ ला फोन करा.

टीबी : शुगर असलेल्या माणसाला टीबीचा धोका दोन ते तीन पटीने जास्त असतो. दोन आठवड्यांपेक्षा जास्त खोकला असेल तर बेडका तपासा.

पाय : नसा बधिर होतात, जखम कळत नाही, रक्तपुरवठा कमी म्हणून ती भरत नाही. आपल्या ताईंचा अंगठा गेला तो असा.

बैठकीत पाच मिनिटं : एकमेकींचे पाय तपासा

याला कुठलंच मशीन लागत नाही. एक ताई डोळे मिटून बसेल. दुसरी तिच्या पायाच्या अंगठ्याच्या, मधल्या बोटाच्या आणि करंगळीच्या टोकाला आपल्या बोटाने अगदी हलका स्पर्श करेल, एक-दोन सेकंद. दाबायचं नाही, टोचायचं नाही. दोन्ही पायांची मिळून सहा बोटं होतात. स्पर्श कळला की डोळे मिटलेल्या ताईने 'डावा' किंवा 'उजवा' म्हणायचं. सहापैकी दोन किंवा जास्त ठिकाणी स्पर्श कळला नाही, तर डॉक्टरांना पाय दाखवायचे.

शुगर असलेल्यांनी रोज रात्री झोपताना तळवे आणि बोटांच्या बेचक्या बघायच्या. वाकता येत नसेल तर आरसा खाली ठेवा किंवा मुलीला बघायला सांगा. शेतात अनवाणी जाऊ नका. घालण्याआधी चप्पल-बूट झटकून घ्या. शेकताना किंवा गरम पाण्यात पाय घालताना आधी हाताच्या कोपराने ऊन किती ते बघा, बधिर पायाला भाजलेलं कळत नाही. कुरूप ब्लेडने घरी कापू नका.

गरोदर मुलगी-सून घरात असेल तर

गरोदरपणात पहिल्याच तपासणीला, आणि ती ठीक आली तर पुन्हा २४ ते २८ आठवड्यांत, ७५ ग्रॅम ग्लुकोज पाण्यात विरघळवून प्यायला देतात आणि दोन तासांनी शुगर बघतात. १४० किंवा जास्त आली तर ती गरोदरपणातली शुगर. ती वेळेत आटोक्यात आणली नाही तर बाळ जास्त मोठं होणं, अवघड बाळंतपण, जन्मल्यावर बाळाची शुगर एकदम उतरणं असे धोके असतात. "पोटुशी आहे, दोघांचं खा" म्हणून तिला गोड वाढण्याआधी तपासणी झाली का ते विचारा. दर महिन्याच्या ९ तारखेला सरकारी दवाखान्यात गरोदर मातांची खास तपासणी असते. बाळंतपणानंतर शुगर बहुतेक वेळा उतरते, पण पुढे मधुमेह होण्याचा धोका राहतो. म्हणून सहा आठवड्यांनी आणि नंतर दर वर्षी तपासत राहा.

ताटात काय बदलायचं?

सगळ्यात आधी चहाचा हिशोब करू. कपाला २ चमचे साखर, दिवसाला ४ कप, म्हणजे ८ चमचे. चमच्याला साधारण ५ ग्रॅम धरले तर दिवसाला ४० ग्रॅम आणि महिन्याला १ किलो २०० ग्रॅम साखर एकट्या बाईच्या पोटात फक्त चहातून जाते. गुळाचा चहा केला तरी हिशोब तोच. गूळ हीसुद्धा साखरच आहे.

ज्वारी-बाजरीची भाकरी चांगली, पण ती कितीही खाल्ली तरी चालते असं नाही. एक भाकरी कमी करा आणि त्या जागी मटकी-मुगाची उसळ, पालेभाजी, वरण, काकडी-मुळा-टोमॅटो, ताक घ्या. अंडं खात असाल तर तेही. परसबागेतली मेथी, शेपू, शेवगा, घोसाळी यासाठीच आहेत. आंबा, केळी, चिकू थोडे आणि एका वेळी एकच. पेरू, जांभूळ त्यामानाने बरे.

पण एक खरी अडचण आहे. आपण सगळ्यांत शेवटी जेवतो. तोपर्यंत वरण-भाजी संपलेली असते आणि आपल्या ताटात भाकरी, भात आणि चटणी उरते. शुगर असलेल्या बाईसाठी हेच ताट सगळ्यात वाईट. म्हणून घरात स्पष्ट बोला. तुमची भाजी आणि वरण आधी वेगळं काढून ठेवा, किंवा सगळे एकत्र जेवायला बसा. हे नखरे नव्हेत, हा औषधाचाच भाग आहे.

दिवसभर शेतात काम असेल तर हालचाल होतेच. ज्यांचं शिवणकाम, दुकान असं बसून काम आहे त्यांनी आठवड्यातले पाच दिवस अर्धा तास झपाझप चालावं.

गोळ्या, उपवास आणि धोक्याची वेळ

गोळ्या सुरू झाल्यावर शुगर ठीक आली की पुष्कळ जणी गोळ्या बंद करतात. शुगर ठीक आली ती गोळीमुळे. विहिरीला पाणी आलं म्हणून मोटार विकत नाही ना आपण? "गोळ्यांनी किडनी जाते" असंही ऐकू येतं. किडनी बिघडवते ती आटोक्यात नसलेली शुगर. कारलं, मेथी, जांभळाच्या बिया खायला हरकत नाही, पण गोळीच्या ऐवजी नको. ऊसतोडीला किंवा वीटभट्टीवर जाणार असाल तर आधीच दवाखान्यात सांगा, जास्त दिवसांच्या गोळ्या मागा आणि औषधाचा कागद सोबत ठेवा.

शुगर खूप उतरणंही धोक्याचं आहे. इन्सुलिन किंवा काही गोळ्या घेऊन उपाशी राहिलं तर असं होतं. हरतालिकेचा निर्जळी उपवास, नवरात्रीचे नऊ दिवस, या आधी डॉक्टरांना विचारा. हातपाय थरथरणं, घाम, धडधड, डोळ्यांपुढे अंधारी, बरळणं या खुणा दिसल्या तर लगेच ३ चमचे साखर पाण्यात घालून प्या. पंधरा मिनिटांत बरं वाटलं नाही तर पुन्हा द्या, मग काहीतरी खा. माणूस बेशुद्ध असेल तर तोंडात काहीही घालू नका, १०८ ला फोन करा.

आणि उलट, शुगर असलेल्या माणसाला सारख्या उलट्या, पोटात दुखणं, जोरजोरात खोल श्वास, गुंगी असं झालं तर रात्र उलटायची वाट बघू नका. लगेच दवाखाना गाठा.

पुढच्या बैठकीत एवढं करू

दशसूत्रीत आरोग्याची काळजी हेही एक सूत्र आहे. बचत-परतफेडीइतकीच त्याचीही नोंद व्हावी, म्हणून :

१. समूहातल्या ३० वर्षांवरील किती जणींची शुगर आणि बीपी गेल्या वर्षभरात तपासली, ते हात वर करून मोजा.
२. राहिलेल्यांची यादी करून ग्रामसंघाकडे द्या. आशाताई आणि उपकेंद्राशी बोलून एक दिवस ठरवा. कामाचा खोळंबा होऊ नये म्हणून सकाळी लवकरची वेळ मागा.
३. कुणाची शुगर किती निघाली हे तिची खासगी गोष्ट आहे. रजिस्टरला आकडा नको, फक्त 'तपासणी झाली' एवढं लिहा.
४. ज्यांना शुगर निघाली त्यांच्यासोबत पहिल्यांदा दवाखान्यात जायला एक मैत्रीण ठरवा.
५. वर सांगितलेली पायाची तपासणी तिथेच करा.

आपल्या त्या ताई आता रोज गोळी घेतात, शेतात बूट घालून जातात. कर्जाचे चार हप्ते राहिलेत, तेही फिटतील. गेल्या महिन्यात त्या स्वतः गल्लीतल्या अकरा बायकांना घेऊन उपकेंद्रात गेल्या. त्यात दोघींची शुगर वाढलेली निघाली. दोघींनाही काहीच दुखत नव्हतं.